फौजदाराची शिकवणी

धसकाबाईंचं हे नाव त्यांच्या सख्ख्या दिराने ठेवलं, आणि ते इतकं चिकटलं की मत्स्यबीज केंद्रात कोणी त्यांना खऱ्या नावाने हाक मारली असती, तर कोण नवीन बाई आली म्हणून त्यांनीच मागे वळून बघितलं असतं. नाव उगाच ठेवलेलं नव्हतं म्हणा. दार आपटलं की बाईंच्या काळजात धस्स. पंपाचा आवाज बदलला की धस्स. फोन वाजला की आधी ‘अगं बाई, काय झालं असेल!’ आणि मग ‘हॅलो’. दीर त्याच केंद्रात पंप चालवायचा. तो सगळ्यांना सांगायचा, “आमच्या वहिनींना नेमलंय मासे सांभाळायला, आणि त्या करतात काळजी. तीही जादा वेळ थांबून.”

“करा थट्टा, भावजी,” बाई म्हणायच्या. “एक दिवस खरंच काही झालं ना, मग बसा दात काढत.”

आणि अशा बाईच्या हाती केंद्राने काय सोपवावं? तर सगळ्यात नाजूक लेकरं. स्टर्जनची पिल्लं.

हा मासा ज्याने पाहिला नाही त्याला नुसतं सांगून पटत नाही. लांबुळकं थोबाड, पाठीवर आणि कुशीवर खवल्यांऐवजी हाडांच्या ढालींच्या रांगा, थोबाडाखाली चार मिश्या. पहिल्यांदा बघणारा दोन पावलं मागेच सरकतो. पण तोंड उघडून बघावं तर आत एक दात नाही. मिश्यांनी तळ चाचपायचा, अळी लागली की बोळक्या तोंडाने ओढून घ्यायची, एवढाच त्याचा पराक्रम. माणूस या जगात नव्हता तेव्हापासून हा नद्यांतून फिरतोय, आणि माणूस आल्यावर मात्र त्याची दशा झाली. धरणांनी वाटा अडल्या, जाळ्यांनी मोठे मासे उचलले, आणि मादीच्या पोटातल्या काळ्या अंड्यांच्या हव्यासापायी उरलेल्यांचाही फडशा पडला. केंद्राच्या कुंपणापलीकडे जी नदी वाहते, तिच्यात तर कित्येक वर्षांत तो कोणाला दिसला नव्हता.

आणि मग एका मच्छीमाराच्या जाळ्यात एक म्हातारी मादी आली. पोट भरलेलं, अंगावर जुन्या जखमांचे वळ, वयाने धसकाबाईंच्या लेकीहून मोठी. मच्छीमार भला माणूस, त्याने तिला मारलं नाही, केंद्रात कळवलं. केंद्राची मुख्य म्हणजे माशांची डॉक्टरीण. ती अनवाणीच धावत सुटली होती म्हणतात. तिने म्हातारीच्या पोटाला बोटभर चीर देऊन अंडी काढली, पुन्हा टाके घातले आणि नराच्या गोठवून ठेवलेल्या रेताने ती अंडी फळवली. तेवढा वेळ सगळं केंद्र श्वास रोखून उभं होतं.

ही अंडी भयंकर चिकट असतात. एकमेकांना चिकटली की गुदमरून सडतात. म्हणून पाण्यात बारीक माती कालवून त्यात ती घोळवावी लागतात, आणि ती घोळवायची पक्ष्याच्या पिसाने, कारण हाताचा भारही त्यांना सोसत नाही. ते पीस बाईंच्या हातात होतं. हात भरून आला, मान अवघडली, पण बाई थांबल्या नाहीत. एवढं करूनही अर्धी अंडी बुरशीने नेली. उरली त्यांतून शेवयांसारखी पिल्लं निघाली, आणि वाढता वाढता बोटाएवढी झाली. बोटाएवढ्या पिल्लांना इथे बोटुकली म्हणतात. म्हातारीला नदीत परत सोडलं होतं. ती पुन्हा अंड्यावर यायला आणखी कित्येक वर्षं लागणार, तीही जगली वाचली तर. तेव्हा जे काही होतं ते एवढंच, एका टाकीत मावलेलं.

ती बोटुकली बाईंना जीव लावून बसली होती. बाई वाडग्यात अळ्या घेऊन यायच्या, वाडगा टाकीच्या काठावर टक्‌टक् वाजवायच्या, की सगळी मिळेल त्या वाटेने त्यांच्याखाली गोळा. पुढे पुढे तर नुसती सावली पडली तरी यायची. त्यातलं एक पिल्लू बाईंना लांबूनही ओळखू यायचं, कारण त्याची एक मिशी अर्धवट तुटलेली होती. सगळ्यांच्या आधी तेच हजर. बाई त्याला तुटमिशी म्हणायच्या आणि एक अळी त्याच्यासाठी राखून ठेवायच्या. लाडच म्हणायचे, दुसरं काय.

“मावशी, हे बघून मला आनंद होत नाही, घाम फुटतो,” डॉक्टरीण एकदा म्हणाली. “ही नदीत गेली आणि वर बगळ्याची सावली पडली, तर काका आले म्हणून पुढे होतील. भीती म्हणजे काय ते यांना ठाऊकच नाही. ती शिकवायला हवी.”

“भीती?” दीर खदखदून हसला. “मग घरचीच मास्तरीण आहे की! आमच्या वहिनींएवढा अभ्यास कोणाचा आहे?”

झालं, शिकवणी बाईंच्या गळ्यात पडली.

त्यासाठी नदीतून एक शिकारी मासा धरून आणला. हाताएवढा लांब, काळपट, चपट्या डोक्याचा, आणि दोन्ही बाजूंना लांबलचक मिश्या. दिराने पाहताक्षणी सलाम ठोकला आणि त्याचं नाव फौजदार ठेवलं. बोटुकल्यांच्या टाकीत तळाला थोडे दगड ठेवले, मधोमध जाळी बसवली, जाळीपलीकडे फौजदार. जाळीपुढे एक लाकडी फळी. फळी उचलली की फौजदार दिसायचा, टाकली की दिसेनासा व्हायचा. शिकवणी अशी, की फळी उचलायची आणि त्याच वेळी टाकीत वाडगाभर भीतीचं पाणी ओतायचं. हे नाव बाईंचं. मेलेल्या एखाद्या पिल्लाची कातडी ठेचून ती ज्यात कालवली ते पाणी. आपल्यातलं कोणीतरी फाडलं गेलंय एवढं माशाला त्या वासावरून कळतं. तो वास आणि तो चेहरा एकत्र आला की तो चेहरा जन्मभर लक्षात राहतो.

पहिल्या दिवशी डॉक्टरीण स्वतः उभी होती. फळी उचलली, पाणी ओतलं, आणि सगळी टाकी एका कोपऱ्यात जाऊन चेंगरली. एकमेकांच्या अंगाखाली शिरायला बघत होती बिचारी. गळ्याजवळचे कल्ले नुसते धडधडत होते. फौजदार जाळीपलीकडे निवांत, जसा काही साक्षीपुरावे तपासतोय. डॉक्टरीण खूश झाली. बाई मात्र नाही. भीती काय असते हे त्यांना पुस्तकातून कळलेलं नव्हतं. उभा जन्म त्यांनी तिच्याशी संसार केला होता, आणि आता तीच आपल्या हाताने या लेकरांना पाजायची होती.

नंतर डॉक्टरीण नदीत सोडण्याच्या परवानग्यांसाठी शहरात गेली. शिकवणी रोज चालू राहिली. आता बाई सांगितलेलं सगळं करायच्या, फळी उचलायच्या, पाणी ओतायच्या. फक्त एक गोष्ट त्यांनी आपल्या मनाने जोडली. पिल्लं कोपऱ्यात थरथरायला लागली की त्यांना बघवायचं नाही. मग फळी टाकायच्या आतच त्या काठावर वाडगा वाजवायच्या आणि मूठभर अळ्या सोडायच्या. “घ्या रे बाळांनो, घ्या. संपलं हं, संपलं.” घाबरलेल्या लेकराच्या तोंडात काहीतरी घालायचं, त्याला तसंच सोडायचं नाही, हे त्यांनी आपल्या आईकडून घेतलं होतं. त्यांची लेक लहान असताना दचकली की त्या आधी साखरेची चिमूट तिच्या जिभेवर ठेवायच्या आणि मग काय झालं ते विचारायच्या.

हळूहळू पिल्लं शांत झाली. फळी उचलली तरी गोंधळ नाही, चेंगराचेंगरी नाही. बाईंना वाटलं, शहाणी झाली. त्यांनी डॉक्टरिणीला फोनवर तसं कळवलंही, जरा ऐटीतच.

डॉक्टरीण परत आली ती नदीत सोडायची तारीख ठरवूनच. वरच्या धरणाचे दरवाजे त्या आठवड्यात उघडणार होते, नदीला चांगलं पाणी राहणार होतं. सुटीच्या दिवशी बाई घरी कपड्यांच्या घड्या घालत होत्या, तेव्हा लेकीचा फोन आला. लेक दुसऱ्या गावी नोकरीला. फोन वाजल्याबरोबर बाईंच्या काळजाने नेहमीची उडी मारली.

“काही झालं नाहीये, आई,” लेकीने सवयीने आधी तेच सांगितलं. “बरी आहे मी. नुसती जाड होत चाललेय.”

“कशाने गं?”

“आमचा नवा साहेब आहे ना, त्याच्यामुळे. तो ओरडायला लागला की सगळ्यांची गाळण उडते, आणि मला लागते भूक! खरंच सांगते. त्याचा आवाज चढला की माझा हात आपोआप बिस्किटाच्या डब्याकडे जातो. परवा तर तो नुसता दारात आला, थोबाड बघितलं त्याचं, आणि माझ्या तोंडाला पाणी सुटलं. सगळी तुझी करणी आहे. मी दचकले की साखर भरवायचीस ना तोंडात!”

बाई हसल्या. हसता हसता थांबल्या. हातातला टॉवेल तसाच राहिला.

“आई? ए आई, आहेस ना?”

“ठेव फोन,” बाई म्हणाल्या.

केंद्र काही फार लांब नव्हतं, पण त्या वाटेने बाई कशा गेल्या ते त्यांचं त्यांना ठाऊक. असं नसेल, असं कसं असेल, मासे ते, त्यांना एवढी अक्कल कुठे, हे मनाशी घोकत त्या चालत होत्या. केंद्रात सामसूम होती. पंपाच्या खोलीतून दिराने डोकावलं आणि विचारलं, “वहिनी, आज सुटी ना?” बाई थांबल्या नाहीत. पत्र्याच्या छपराखाली टाकी होती. त्या टाकीशी गेल्या. वाडगा हातात नव्हता, अळ्या नव्हत्या, काही नव्हतं. त्यांनी नुसती फळी उचलली.

जाळीपलीकडे फौजदार होता, नेहमीसारखा, मिश्या पसरून. आणि सगळ्या टाकीतली बोटुकली त्याच्याकडे निघाली. घाई नाही, भीती नाही. येऊन जाळीला लागून ओळीने थांबली, तोंडं उघडून. सगळ्यात पुढे तुटमिशी. ते आपलं इवलंसं थोबाड जाळीच्या भोकातून पलीकडे घालायला बघत होतं, आणि पलीकडून फौजदाराने डोकं किंचित वळवलं.

फळी बाईंच्या हातातून सुटून पाण्यात पडली. त्या आवाजाने दीर धावत आला, “काय झालं? काय झालं?”

“मी मारली,” बाई म्हणाल्या. “भावजी, मी सगळी मारली. मॅडमना बोलवा.”

डॉक्टरीण आवारातच राहायची. ओले केस तसेच घेऊन आली. बाईंनी तिला सगळं सांगितलं, मधे कुठे थांबल्या नाहीत, थांबल्या असत्या तर सांगून झालंच नसतं. डॉक्टरिणीने पाण्यातली फळी काढून जाळीपुढे टाकली, थोडं थांबून पुन्हा उचलली. पिल्लं पुन्हा ओळीने हजर. तिच्या चेहऱ्यावरचा रंग उतरला.

“म्हणजे फौजदार दिसला की जेवायची वेळ झाली,” ती म्हणाली. “आणि वर ते पाणी. आपला कोणी फाडला गेल्याचा वास आला की आणखी पुढे यायचं.” मग तिचा आवाज फाटला. “अहो मावशी, नुसती अडाणी राहिली असती तरी थोडीफार वाचली असती! कुठल्याही माशाला हे कोणी शिकवलं नसेल आजवर!”

दीर एकदा वहिनींकडे बघे, एकदा डॉक्टरिणीकडे.

“मीही इथे असायला हवं होतं,” डॉक्टरीण म्हणाली. “नुसतं शांत झाली म्हणून ऐकलं आणि खूश झाले. कशाने शांत झाली ते विचारलंच नाही.”

“नंतर सोडू ना त्यांना,” बाई काकुळतीला आल्या. “पुढच्या वर्षी सोडू. मी नीट शिकवीन. एकही दाणा देणार नाही मी.”

“नाही चालत. याच वयात नदीच्या पाण्याचा वास त्यांच्या डोक्यात बसतो. बसला तर मोठी होऊन अंडी घालायला इथेच परत येतील. इथे ठेवली तर ती या टाकीचीच होऊन राहतील. मग म्हातारीचं नदीत काहीच उरणार नाही.” ती टाकीच्या काठावर बसली. “एकच करता येईल. जाळी काढायची.”

बाईंना आधी कळलंच नाही. कळलं तेव्हा त्या दोन्ही हात हलवत मागे सरकल्या. “नको. नको हो मॅडम.”

“काही जातील. जी जातील ती जातील. पण उरलेली ते बघतील, त्यांना खरा वास येईल, आणि तो विसरायचा म्हटलं तरी विसरता येणार नाही. आणि मावशी...” डॉक्टरीण अडखळली. “बोलवायचं तुम्हालाच आहे.”

“मी?”

“सगळी जवळ असतानाच व्हायला हवं. एकेकट्याला धरलं तर बाकीच्यांना काय कळणार? आणि तुमच्या सावलीलाही ती येतात, वाडग्यालाही येतात. नदीत सावली म्हणजे बगळा. ते सगळं एकदमच तुटायला हवं. मी वाजवून बघितलंय, दोनदा. माझ्या वाजवण्याला एकही येत नाही.”

त्या रात्री बाईंचा डोळ्याला डोळा लागला नाही, हे काही वेगळं सांगायला नको. आजवर त्यांनी हजार गोष्टींची धास्ती घेतली होती. पंप बंद पडेल, पाणी तापेल, बुरशी लागेल, कोणी विष कालवेल. त्या हजारांत ही एक नव्हती. आपल्या हाताची भीती त्यांनी कधी घेतलीच नव्हती.

सकाळी त्या आल्या. आल्या नसत्या तरी कोणी त्यांना बोल लावला नसता, पण आल्या. फौजदाराला आदल्या दिवसापासून उपाशी ठेवलं होतं. दिराने जाळीला दोरी बांधली आणि ती छपराच्या वाशावरून घेऊन हातात धरली. डॉक्टरिणीने भीतीचं पाणी तयार ठेवलं. बाईंच्या हातात वाडगा. रिकामा.

“बोलवा, मावशी.”

बाईंचा हात उचलेना. टाकीत बोटुकली इकडेतिकडे पसरलेली, तळ चाचपत, आपल्या नादात. एकदा वाटलं, वाडगा फेकावा आणि सरळ घर गाठावं. मग नदीतले फौजदार डोळ्यांसमोर आले, आणि त्यांच्या पुढे ओळीने उघडी तोंडं. तिथे तर जाळीही नव्हती आणि कोणी बघायलाही नसणार होतं.

टक्‌टक्.

सगळी आली. मिळेल त्या वाटेने, एकमेकांना ढकलत, तुटमिशी सगळ्यांच्या पुढे. येऊन बाईंच्या सावलीत थांबली आणि वर तोंडं केली. डॉक्टरिणीने पाणी ओतलं. दिराने डोळे मिटून दोरी ओढली. जाळी वर गेली.

काही झालं नाही. तो क्षण बाईंना पुढे जन्मभर स्वप्नात दिसायचा होता, ज्यात काहीच होत नाही. फौजदार होता तिथेच होता. दोन-चार पिल्लं कुतूहलाने त्याच्याजवळ गेली, इतकी जवळ की त्याच्या मिश्या त्यांच्या अंगाला लागल्या. त्याला बहुतेक स्वतःच्या नशिबावर विश्वास बसत नव्हता. मग त्याचं तोंड उघडलं, मिटलं, आणि दोन पिल्लं नव्हतीच तिथे.

पाणी ढवळून निघालं. शेपटीच्या फटकाऱ्याने ते बाईंच्या तोंडावर उडालं. आता जो वास पाण्यात पसरला तो वाडग्यात कालवलेला नव्हता. पिल्लं फुटली, चारी दिशांना, भिंतींवर आपटली.

“थांबू नका,” डॉक्टरीण ओरडली. “वाजवत राहा!”

टक्‌टक्. त्या गोंधळातही काही वळली. खरंच वळली! टक्‌टक् ऐकली आणि एवढी घाबरलेली असूनही बाईंच्या खाली आसऱ्याला आली, आणि त्यांच्या मागोमाग फौजदार आला. बाई रडत होत्या, मोठ्याने, आणि वाजवत होत्या. “येऊ नका गं बायांनो, येऊ नका, पळा ना! पळा!” तोंडाने हे आणि हाताने ते. टक्‌टक्. पुन्हा काही आली. टक्‌टक्. कमी आली. टक्‌टक्. एक आलं, अर्ध्या वाटेत थांबलं, आणि वीज चमकावी तसं मागे फिरून दगडाखाली शिरलं.

टक्‌टक्. टक्‌टक्. टक्‌टक्.

कोणी आलं नाही.

डॉक्टरिणीने हाताने खूण केली. दिराने जाळी खाली सोडली, तोवर फौजदार भरल्या पोटाने आपल्या बाजूला जाऊन पडला होता. किती गेली ते मोजायला कोणी बसलं नाही. डॉक्टरीण भिंतीकडे तोंड करून उभी राहिली. दिराने बाईंच्या हातातून वाडगा काढून घ्यायचा प्रयत्न केला, पण बोटं सुटेनात.

दुसऱ्या दिवशी बाई टाकीपाशी गेल्या त्या दबक्या पावलांनी, चोरासारख्या. काठावरून नुसतं डोकावल्या. पाणी नितळ होतं आणि टाकी रिकामी दिसत होती. मग दिसलं, की तळातल्या प्रत्येक दगडाखाली, प्रत्येक फटीत बोटुकली आहेत, हलत नाहीत, फक्त कल्ले हलतायत. बाईंनी मान आणखी थोडी पुढे केली, सावली पाण्यावर पडली, आणि एका दगडाखालून एक पिल्लू बाणासारखं सुटून पार पलीकडच्या कोपऱ्यात गेलं. सगळ्यांच्या आधी तेच. त्याची एक मिशी अर्धवट तुटलेली होती.

“जिवंत आहे,” बाई म्हणाल्या. आणि टाकीपासून लांब सरकल्या, आणि मग त्यांना असं रडू कोसळलं की पंपाच्या खोलीत दीर पंप चालू आहे की बंद तेच विसरला. तुटमिशी वाचलं म्हणून ते रडू होतं, आणि त्याने त्यांना ओळखलं म्हणूनही.

त्यानंतरचा चारा डॉक्टरीण लांब दांड्याच्या पळीने, आडोशाआडून टाकायची. बाईंनी स्वतःहून ते काम सोडलं.

नदीत सोडायच्या दिवशी आभाळ स्वच्छ होतं. काठापर्यंत गाडी नेता येत होती. गाडीवर टाकी, टाकीला मागच्या बाजूने रुंद नळकांडं, त्याचं तोंड नदीच्या उथळ पाण्यात. बाईंनी आजवर या नदीत घोट्याच्या वर पाय घातला नव्हता, पण त्या दिवशी त्या गाडीच्या मागेच, नळकांड्याला लागून उभ्या राहिल्या. निदान जाताना तरी एकदा बघावं म्हणून. सवयीने वाडगाही बरोबर आला होता. त्यांना ते गाडीतून उतरल्यावर कळलं.

दिराने झडप उघडली. पाणी सुटलं. नुसतं पाणी.

“येत का नाहीत?” डॉक्टरिणीने गाडीवर चढून टाकीत डोकावलं. “सगळी पुढच्या भिंतीला चिकटून बसलीयेत. पाणी संपेल अशाने. भावजी, झडप बंद करा, लवकर!” घाईत तीही दिराला भावजी म्हणाली.

दिराने झडप लावली. गाडीवर चढून तोही बघून आला. उतरला, हात पुसले, आणि वहिनींसमोर येऊन उभा राहिला. थट्टेचं काही असतं तर एव्हाना बोलून मोकळा झाला असता.

“वहिनी,” तो खाली बघत म्हणाला, “तुमची सावली पडतेय नळकांड्यावर. तुम्ही जरा... त्या तिकडे, गाडीच्या पुढे जाता का? तुम्हाला भिऊन ती बाहेर येत नाहीयेत.”

बाईंनी मान हलवली. “हो, हो. जाते की.” त्या लगबगीने निघाल्या, जशा काही त्याच उशीर करत होत्या. गाडीला वळसा घालून पुढे गेल्या, नदीकडे पाठ करून उभ्या राहिल्या.

मागे झडप उघडल्याचा आवाज झाला. पाणी पडायला लागलं, आणि मग त्या पाण्याचा आवाज बदलला, जड झाला. “येतायत!” डॉक्टरीण ओरडली. “आली, आली... ती बघा, सरळ दगडांत शिरली! एकही वर राहिलं नाही!” दीर काहीतरी ओरडत होता, हसत होता. तुटमिशी गेलं का, हे बाईंना विचारायचं होतं. त्यांनी विचारलं नाही.

गाडीचा पत्रा त्यांच्या पाठीशी होता. पाणी वाहायचं थांबेपर्यंत बाई तिथेच उभ्या राहिल्या, वाडगा दोन्ही हातांनी छातीशी घट्ट धरून, चुकूनसुद्धा तो कुठे लागून वाजू नये म्हणून.